सासूच्या गाण्यासाठी बंद ठेवलेल्या मोटारी

शिरूरच्या बाजारपेठेत माझं घर कुणीही दाखवेल. पण मी आयुष्यभर काम काय केलं असं विचारलंत, तर निम्मे लोक सांगतील, "त्यांचा डीजे होता." त्यांना दोष देत नाही. ध्वनिमुद्रक हा शब्द ऐकल्यावर माणसाला भोंगेच आठवतात. माझं काम मात्र बरोबर उलटं होतं. भोंगेवाला आवाज बाहेर सोडतो, मी तो पकडून ठेवायचो. शूटिंगमध्ये कॅमेरा चित्र घेतो तेव्हा कोपऱ्यात कुणीतरी कानांवर हेडफोन चढवून, डोळे मिटून बसलेला असतो. तो झोपलाय असं सगळ्यांना वाटतं. तो मी. नट काय बोलला, श्वास कुठे घेतला, मागे कुठलं कुत्रं भुंकलं, सगळं माझ्या कानात. बोलणं ठेवायचं आणि कुत्रं घालवायचं, एवढाच माझा धंदा. त्यामुळे माझं निम्मं आयुष्य परक्या गावात जाऊन परक्या माणसांना "जरा गप बसता का" असं विनवण्यात गेलं.

या धंद्यात चित्रपट पुष्कळ झाले. काहींची नावंही आता आठवत नाहीत. पण एक काम असं आहे की लोकांनी विचारलं नाही तरी मी सांगतो. 'संगीत बँडवाल्यांची सून' या नाटकाचा आम्ही चित्रपट केला, त्याची ही गोष्ट.

आपल्या भागात हे नाटक न पाहिलेलं घर शोधावं लागेल. लग्नात बँड वाजवणारं एक कुटुंब. घरात नवी सून येते, ती बापाकडून क्लॅरिनेट शिकून आलेली. घरातले पुरुष म्हणतात, बाईनं वरातीत वाद्य वाजवायचं नाही. शेवटी सासूच पेटी उघडून आपल्या मेलेल्या नवऱ्याचं क्लॅरिनेट सुनेच्या हातात ठेवते आणि गाते, "फुंकर घाल गं, जपून घाल." चूल फुंकण्यापासून वाद्य फुंकण्यापर्यंत सगळा बाईचा श्वास त्या एका गाण्यात आहे. प्रयोगात या गाण्याला वन्स मोअर ठरलेला. दुसऱ्यांदा म्हटल्याशिवाय मांडवगणचे लोक नाटक पुढे जाऊच देत नसत.

सासूचं काम निर्मलाताई करायच्या. तरुणपणी त्याच नाटकात त्या सून होत्या. वय वाढलं तशा सासू झाल्या. दौंडच्या रेल्वे क्वार्टरमध्ये वाढलेली ही बाई. वडील रेल्वेत. त्या सांगायच्या, "आमच्या घरासमोरून मालगाडी गेली की सगळं बोलणं थांबायचं. मी थांबत नव्हते. आवाज असा तयार झाला." खरंच, माइक बंद पडला तरी त्यांचा आवाज शेवटच्या रांगेत पोचायचा. एका जत्रेत लाइट गेली असताना त्यांनी अख्खा अंक तसाच काढला होता, हे लोक अजून सांगतात.

चित्रपट करायचं केतकीनं ठरवलं. केतकी म्हणजे आमची दिग्दर्शक. तळेगाव ढमढेऱ्याची मुलगी. लहानपणी आईच्या मांडीवर बसून तिनं हे नाटक पाहिलं होतं आणि मोठेपणी याच नाटकाचा, घरातल्या सगळ्यांनी मिळून बघावा असा चित्रपट करायचा, असं मनाशी धरलं होतं. बोलायला मऊ, पण एकदा ठरवलं की हलायची नाही. मला काका म्हणायची.

नाटकाचा चित्रपट करणं म्हणजे नाटकासमोर कॅमेरा लावणं, असं पुष्कळांना वाटतं. तसं केलं तर दहा मिनिटांत माणूस जांभई देतो. नाटकात एकच घर असतं, बाहेरचं सगळं बोलून सांगावं लागतं. चित्रपटात दौंड स्टेशन खरंच दाखवता येतं. मग ते सांगणारी वाक्यं काढावी लागतात. नाटकात नट मध्येच प्रेक्षकांकडे तोंड करून मनातलं बोलतो. चित्रपटात तसं केलं तर विचित्र दिसतं. गाणी तर निम्म्याहून जास्त गेली. त्यात पोस्टमनचं गाणं होतं. ते का काढलं म्हणून आजही मला बसस्टँडवर लोक अडवतात. खरं सांगायचं तर मलाही त्याचं वाईट वाटतं. पण ते गाणं चालू असताना गोष्ट जागची हलत नव्हती, हे केतकीचं म्हणणं बरोबर होतं.

सासूचं काम निर्मलाताईंनीच करायचं, हे तिनं पहिल्या दिवशी सांगितलं. निर्माते पुण्याचे होते. त्यांना पडद्यावरची नावाजलेली नटी हवी होती. पण केतकीपुढे त्यांनी मान डोलावली.

पहिलं गाणं दौंड स्टेशनावर होतं. सून गाडीतून उतरते आणि सासू बँडसकट तिला घ्यायला येते. चित्रपटातलं गाणं कसं होतं ते सांगतो. गाणं आधी स्टुडिओत म्हणून घेतात. शूटिंगच्या वेळी तेच भोंग्यावर लावतात आणि नट त्याबरोबर नुसते ओठ हलवतो. स्टुडिओत निर्मलाताई सुंदर गायल्या होत्या. प्लॅटफॉर्मवर भोंगा सुरू झाला आणि सगळं बिघडलं. भोंग्यातल्या निर्मलाताई एका जागी थांबायच्या, समोरच्या निर्मलाताई तिथे तान घ्यायच्या. भोंगा पुढे गेला की या मागे. लोकांना आधी गंमत वाटली. एक हमाल म्हणाला, "ताई, त्या आतल्या बाईला जरा दम धरायला सांगा." सगळे हसले, ताईही हसल्या. पण दुपारपर्यंत हसू आटलं.

मी त्यांच्यासाठी चहा घेऊन गेलो. बाकड्यावर बसल्या होत्या, नऊवारीचा पदर मांडीवर घेऊन.

"सुरेश, मला हे जमत नाही रे," त्या म्हणाल्या. "एकच गाणं दोनदा तसंच्या तसं कसं म्हणायचं? समोरची माणसं बदलली, हवा बदलली, की गाणं बदलणारच. मी गाणं पाठ केलेलंच नाही कधी."

तेवढ्यात निर्माते आले. त्यांनी केतकीला बाजूला घेतलं, पण ते काय म्हणाले ते मला ऐकू आलं. हेडफोन गळ्यात चालूच होते आणि केतकीच्या कॉलरला माइक तसाच लावलेला होता, कारण तिच्या सूचना मला ऐकायच्या असायच्या. ते म्हणत होते, "आवाज यांचाच ठेवू, चेहरा दुसरा घेऊ. चुलीपुढचं 'फुंकर घाल गं' हा चित्रपटाचा जीव आहे. तिथे ओठ चुकले तर लोक हसतील."

केतकी म्हणाली, "ते गाणं मला एकदा माझ्या पद्धतीनं करून बघू द्या. नाही जमलं तर तुमचं ऐकेन."

संध्याकाळी ती माझ्याकडे आली. "काका, ताईंनी तिथेच, कॅमेऱ्यासमोर गायचं. भोंगा नाही, काही नाही. तुम्ही ते जसंच्या तसं घ्यायचं. होईल?"

होईल, पण अवघड होतं. गाण्याबरोबर ऑर्गन वाजतो. ऑर्गनचा आवाज ताईंच्या आवाजात मिसळला, तर मग दोन वेळच्या गायनातले तुकडे जोडता येत नाहीत. म्हणून ऑर्गन लांब ठेवायचा, तिथून तार आणायची आणि ताईंच्या कानात एक शेंगदाण्याएवढं यंत्र बसवायचं. त्यांना आणि मला ऑर्गन ऐकू येईल, माझ्या माइकला फक्त ताई. ऑर्गनवर सदाआप्पा होते. त्यांनी ताईंना सुनेच्या वेषात पाहिलं होतं, सासूच्या वेषात पाहिलं होतं. ऑर्गनच्या पट्ट्यांपेक्षा ताईंच्या मानेकडे बघून वाजवायचे. मान कलली की त्यांना कळायचं, बाई आता थांबणार. त्यांच्यासमोर एक छोटा पडदा ठेवला, म्हणजे लांबून त्यांना ताईंचा चेहरा दिसावा.

हे सगळं जमण्यासारखं होतं. न जमण्यासारखी गोष्ट म्हणजे शांतता. चुलीचं घर आम्ही इनामगावात घेतलं होतं, घोड नदीच्या काठी. घर उत्तम. धुरानं काळं झालेलं आढं, मातीची चूल, खिडकीतून नदी. आणि नदीवर ओळीनं पाणी उपसणाऱ्या मोटारी. त्या आठवड्यात शेतीची लाइट दिवसा होती. लाइट आली की सगळ्या मोटारी एकदम सुरू. बोलण्याच्या प्रसंगात ती घरघर मी थोडीफार झाकली असती. पण ऑर्गनशिवाय, तबल्याशिवाय, एकट्या बाईचा आवाज त्या घरघरीवर कसा घ्यायचा?

आणि मोटार बंद ठेवा असं शेतकऱ्याला कोणत्या तोंडानं सांगायचं? लाइट असेल तेवढ्यातच पाणी. ती गेली की पिकानं वाट बघायची.

मी नेहमीप्रमाणे विनवायला निघालो. निर्मलाताई म्हणाल्या, "थांब, मी येते. गाणार मी आहे, तर मागायलाही मीच यायला हवं."

मारुतीच्या देवळापुढे माणसं जमली. त्यांच्यात नानाआबा होते, नदीकाठच्या मोटारवाल्यांत सगळ्यांत वडीलधारे. डोक्याला फेटा, कानाला जरा कमी. ताईंनी आढेवेढे घेतले नाहीत.

"आबा, एका दुपारसाठी मोटारी बंद ठेवा असं सांगायला आले. मला ठाऊक आहे, हे मागणं साधं नाही. नाही म्हणालात तरी मी रागावणार नाही. दुसरं गाव बघू."

कुणीतरी मागून म्हणालं, "कांद्याला पाणी कोण देणार मग?"

आबांनी हात वर केला. "कंचं गानं म्हननार?"

"फुंकर घाल गं."

"आसं व्हय." आबांनी फेटा सारखा केला. "माझी मंडळी गेली त्याच्या आदल्या साली मांडवगणला आमी दोघं ते बघून आलतो. बैलगाडीत यीस्तवर ती त्येच म्हनत व्हती." मग मागच्या माणसाकडे वळून म्हणाले, "कांदा एका दुपारनं मरत न्हाई. माझी मोटार बंद. तुमचं तुमी बघा."

एकेक करत सगळे हो म्हणाले. गिरणीवाला म्हणाला, मीही पट्टा उतरवून ठेवतो. आबांनी जाता जाता विचारलं, "ताई, आमाला ऐकाय यील ना पर?"

"अहो, माझा आवाज पार नदीपलीकडे जातो," ताई म्हणाल्या. "ओट्यावर बसून ऐका."

ठरलेल्या दुपारी लाइट आली आणि एकही मोटार सुरू झाली नाही. मी हेडफोन लावले. असलं काही मी पूर्वी ऐकलं नव्हतं. इतकं मोठं गाव आणि माझ्या कानात फक्त चुलीतल्या लाकडाची तडतड. बायकांनी आपापल्या घरातल्या गोधड्या आणून दिल्या होत्या. त्या दारं-खिडक्यांना टांगून सदाआप्पांना ऑर्गनसकट पलीकडच्या आळीतल्या एका खोलीत बसवलं होतं. नदीवर धुणं धुणाऱ्या बायकासुद्धा धोपटणं खाली ठेवून बसल्या होत्या.

चुलीच्या एका बाजूला ताई, दुसऱ्या बाजूला स्नेहल. स्नेहल म्हणजे आमची सून, नवी नटी, ताईंपुढे बोलायलाही घाबरणारी. केतकीनं खूण केली. ताईंनी सूर लावला, आणि माझ्या यंत्राचा काटा लाल रेघेच्या पार गेला. मी घाईनं आवाज कमी केला. ताई नाटकात गायच्या तशाच गायल्या. छाती भरून, मान वर करून. ऐकायला फार सुरेख. पण कॅमेऱ्याच्या पडद्यावर बघितलं, तर दोन हातांवर बसलेल्या पोरीसमोर ही बाई एवढ्या मोठ्यानं का गातेय, असं वाटत होतं.

गाणं संपलं. केतकीनं पडद्यावरून मान वर केली नाही. ताईंनाही कळलं होतं. त्यांनी स्नेहललाच विचारलं, "काय चुकतंय गं? तू समोर बसलीयेस, तुलाच ठाऊक."

स्नेहल चाचरत म्हणाली, "ताई, तुम्ही बघता माझ्याकडे, पण गाता माझ्या पाठीमागच्या भिंतीकडे."

मला वाटलं, आता बाई चिडणार. एवढी मोठी कलावंत आणि ही कालची पोर. ताई त्या भिंतीकडे बघत राहिल्या.

"बरोबर आहे," त्या म्हणाल्या. "त्या भिंतीच्या जागी आजवर माणसं बसत होती. मी त्यांच्यासाठी गात होते. सुनेसाठी हे गाणं मी कधी म्हटलंच नाही." मग त्यांनी केतकीला विचारलं, "थोडा वेळ मिळेल? भाकरी थापते मी. नुसतं बसून सुचत नाही."

परातीत पीठ आणलं. कॅमेरा बंद होता, पण मी माझं यंत्र बंद केलं नव्हतं. ताई भाकरी थापता थापता स्नेहलशी बोलत होत्या. "माझ्या सासूबाई माझ्या गाण्याबद्दल चांगलं नाही बोलल्या, वाईट नाही बोलल्या. पण दौऱ्यावरून मी कधीही येवो, माझी भाकरी झाकून ठेवलेली असायची. मला वाटायचं, बाईला माझं गाणं आवडत नाही, म्हणून बोलत नाही. त्या गेल्यावर शेजारीण म्हणाली, अगं, तू गावाला गेलीस की तुझी गाणी त्या चुलीपुढे म्हणायच्या. कुणाला ऐकू जाणार नाही अशी."

स्नेहलनं चुलीत लाकूड पुढे सारलं. ताईंनी भाकरी तव्यावर टाकली, वर पाण्याचा हात फिरवला आणि केतकीकडे न बघताच म्हणाल्या, "करा सुरू."

आणि त्या गायला लागल्या. गाणं म्हणवत नाही त्याला. बोलता बोलता सूर लागावा तसं. "फुंकर घाल गं" म्हणताना त्यांनी क्लॅरिनेट द्यावं तशी फुंकणी उचलून स्नेहलच्या हातात दिली. "जपून घाल" म्हणताना आवाज इतका खाली आला की मी श्वास रोखून धरला. भाकरी फुगली, तिची वाफ बाहेर पडली, तीसुद्धा मला ऐकू आली. एका ठिकाणी ताई ओळ अर्धीच सोडून गप्प राहिल्या. नाटकात तिथे तान असते. तिकडे लांबच्या खोलीत सदाआप्पांनी पडद्यावर त्यांची मान पाहिली असणार. त्यांनीही पट्टीवरून हात उचलला. ताई थांबल्या, तेही थांबले, पुढचा सूर दोघांनी एकत्र धरला. आयुष्यभर मी मोठमोठ्या गवयांचे आवाज घेतले. पण त्या दिवशी आवाजाच्या काट्याकडे बघायचं मी विसरलो, हे सांगायला मला लाज वाटत नाही.

केतकीनं कट म्हटलं ते पुसट आवाजात. निर्माते दारात उभे होते. चष्मा पुसत त्यांनी केतकीकडे पाहिलं आणि म्हणाले, "चेहरा बदलायचा विषय मी काढलाच नव्हता असं समजा."

बाहेर ओट्यावर सगळं गाव तसंच बसून होतं. नानाआबा उठून माझ्याकडे आले.

"काय वो, मगाशी तालीम झाली, खरं गानं कवा सुरू व्हनार?"

"झालं, आबा."

"झालं? आन् आमी हितं मोटारी बंद करून बसलोय! तालमीनंतर येक अक्षर ऐकाय आलं न्हाई. मला वाटलं माझाच कान गेला. तर कुनालाच न्हाई."

मागून ताई बाहेर आल्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी आबांना खुर्चीवर बसवलं, त्यांचा फेटा काढून गुडघ्यावर ठेवला आणि हेडफोन त्यांच्या कानांवर चढवले. गाणं पहिल्यापासून लावलं. आबा ताठ बसले. मग हळूहळू वाकले, दोन्ही हातांनी हेडफोन कानांवर दाबून धरले. मधेच कुणीतरी नदीकडे निघाल्याचं त्यांना दिसलं. हेडफोन लावलेल्या माणसाला आपला आवाज किती मोठा होतोय ते कळत नाही. आबा सगळ्या गावाला ऐकू जाईल असे ओरडले, "मोटारी लावू नका रं आत्ताच! चाललंय गानं!"

त्यांच्यामागे रांग लागली. लाइट जाईपर्यंत मी गावाला ते गाणं एकेका माणसाच्या कानात ऐकवत होतो. त्या दिवशी इनामगावच्या नदीकाठी एकही मोटार सुरू झाली नाही.

चित्रपट लागला तेव्हा शिरूरच्या थिएटरात आम्ही प्रेक्षकांत बसलो. चुलीचं गाणं आलं आणि संपलं. टाळी नाही. शिट्टी नाही. निर्मलाताईंनी माझं मनगट घट्ट धरलं. आयुष्यभर या गाण्यानंतर त्यांनी टाळ्यांचा कडकडाटच ऐकला होता.

"पडलं रे सुरेश," त्या कुजबुजल्या.

मध्यंतरात तळेगावकडची एक शेतकरी बाई ताईंना ओळखून जवळ आली. बरोबर तिची सून होती. ताईंनी सरळ विचारलं, "गाणं नाही आवडलं का तुम्हाला? कुणीच टाळी वाजवली नाही."

"आवडलं न्हाई कसं?" ती बाई म्हणाली. "पर नाटकात तुमी आमच्यासाठी म्हनायच्या. हितं तुमी सुनंशी बोलत व्हता. दुसऱ्याच्या घरात मायलेकींचं बोलनं चालल्यालं असताना आपन टाळ्या कशा वाजवायच्या, ताई?"

ताईंनी त्या बाईचे दोन्ही हात हातांत घेतले. बराच वेळ सोडले नाहीत.

चित्रपट गावोगाव चालला. पण ताईंनी नाटक सोडलं नाही. मी निवृत्त झालो, त्यानंतर दौंडच्या एका मंगल कार्यालयात दुपारचा प्रयोग होता. मी प्रेक्षक म्हणून गेलो. हातात ना हेडफोन, ना माइक. मागे दारापाशी उभा राहिलो, सवयीनं. सासूचं गाणं आलं. ताईंनी ते जुन्या पद्धतीनं, छाती भरून म्हटलं. सभागृह दणाणलं. वन्स मोअर झाला. तेवढ्यात मागच्या रांगेतून एक पोरगी उभी राहिली आणि ओरडली, "आजी, आता पिक्चरमधल्यासारखं म्हणा!"

सगळे हसले. ताई रंगमंचाच्या कडेपर्यंत आल्या, कपाळावर आडवा हात धरून त्यांनी त्या मुलीला पाहिलं.

"ते इतक्या लांबून ऐकू येत नाही बाळ. त्याच्यासाठी जवळ यावं लागतं."

ती पोरगी निघालीच. तिच्यामागे तिची आई. मग खुर्च्यांचे आवाज झाले आणि माणसं उठून पुढे यायला लागली. रंगमंचाच्या पायथ्याशी जमिनीवर दाटीवाटीनं बसली. ताईंनी माइकवाल्याला खूण करून माइक बंद करायला लावला. त्या रंगमंचाच्या काठावर पाय सोडून बसल्या. विंगेत सदाआप्पांनी ऑर्गनचं झाकण लावलं आणि तेही बाहेर येऊन ताईंच्या मागे बसले. ताईंनी पहिल्या ओळीला तोंड उघडलं.

दारापाशी मला काही ऐकू येईना. मी चपला काढल्या आणि पुढे जाऊन त्या माणसांत मांडी घालून बसलो.